डॉक्टर नो-मोर

पिस्कॅटवे, न्यू जर्सी
८ मार्च २००४

प्रिय दादा,

फोनच करणार होते. पण तुला फोनवर काही विचारलं की आमच्या शेजारच्या तीन घरांना ते आधी ऐकू जातं, आणि तू उत्तर भलत्याच प्रश्नाचं देतोस. गेल्या वेळी मी तुझं ब्लडप्रेशर विचारलं तर तू मला कॅरीचं हवामान सांगितलंस. कानाचं यंत्र घेत नाहीस तोवर पत्रच बरं.

रविवारी दुपारी एक विचित्र प्रकार घडला. आमच्या जावईबापूंना, म्हणजे सिद्धेशला, अमेरिकन रेसलिंगचं वेड आहे हे मला नव्यानंच कळतंय. नागपूरला असताना केबलवर बघायचा म्हणे. त्यानं इंटरनेटवरून कुठूनशी एक जुनी व्हिडिओ टेप मागवली. ‘हॅमरफेस्ट ९२’. त्या काळी असा कार्यक्रम टीव्हीवर फुकट दिसायचा नाही, त्या एका दिवसापुरते वेगळे पैसे भरायचे. पे-पर-व्ह्यू म्हणतात त्याला. मी सोफ्यावर वाटाणे सोलत बसले होते. एकाएकी सिद्धेश उडालाच. “आई! हे तर मोरेश्वरमामा!”

मी चष्मा लावला, जरा बघते तोच मशीननं टेप खाल्ली. पण चार-पाच सेकंद मी बघितलंय दादा. तुझा तो कॉफी रंगाचा सूट. तू एका उघड्याबंब, रक्तबंबाळ राक्षसाच्या छातीवर बसला होतास आणि भोवती हजारो लोक तुला शिव्या देत होते.

अंतरा म्हणाली, “आई, जाऊ दे, विचारू नकोस.” पण विचारल्याशिवाय राहवेना. तू कुस्ती खेळत होतास का? तेव्हा तू साठीला टेकला होतास! वहिनींना माहीत आहे का?

तुझी,
शैल

*

कॅरी, नॉर्थ कॅरोलिना
१७ मार्च २००४

चि. शैल, अनेक आशीर्वाद.

पत्र पावलं. जुन्या टेपांची क्वालिटी फार वाईट असते. शिवाय कॉफी रंगाचे सूट त्या काळी पुष्कळांकडे होते. तो गृहस्थ बहुधा मेक्सिकन असावा. माझ्यासारखे दिसणारे अनेक मेक्सिकन मी पाहिले आहेत.

इकडे डॉगवुडला कळ्या आल्या आहेत. मागच्या अंगणातलं गटर तुंबलं होतं, ते मी स्वतः शिडीवर चढून साफ केलं. तुझ्या गुडघ्यासाठी सांगितलेले व्यायाम करतेस की नाही? जिना उतरताना आधी दुखरा पाय खाली टाकावा.

सिद्धेशला म्हणावं, डोळे तपासून घे.

तुझा,
दादा

(याच पाकिटात, वाणसामानाच्या यादीच्या मागच्या बाजूला)

वन्सं, तो मेक्सिकन म्हणजे हेच. सूट अजून कपाटात आहे. त्या वर्षी आमच्याकडे नुसत्या शिव्यांची एकशेचाळीस पत्रं आली. हे घाबरून टपालाच्या पेटीकडे जाईनात, म्हणून मीच सगळ्यांना उत्तरं लिहिली. एकानं तर ‘तुझा नवरा नरकात जाईल’ असं लिहिलं होतं, त्याला मी त्याचं स्पेलिंग सुधारून परत पाठवलं. टल्सा गावचा एक जण अजून दर ख्रिसमसला कार्ड पाठवतो. पण हे त्या विषयावर बोलत नाहीत. बारा वर्षं झाली. तुम्ही विचारा, तुम्हालाच सांगतील. जरा हळू विचारा.
— नीला

*

पिस्कॅटवे
२६ मार्च २००४

प्रिय दादा,

हळू विचारते.

तू काय केलंस?

शैल

*

कॅरी
९ एप्रिल २००४

चि. शैल,

नीलानं चिठ्ठी घातली होती हे मला काल कळलं. असो. सांगतो. सिद्धेशला वाचून दाखवलंस तरी चालेल, त्याला निदान अर्धं ठाऊकच असेल.

ऑक्टोबर १९९२. आम्ही तेव्हा शार्लटला होतो. अशा कार्यक्रमाला रिंगच्या कडेला एक डॉक्टर बसवायचे. नेहमी बसणारा माझा सहकारी ऐन वेळी आजारी पडला आणि मला म्हणाला, “मोर, रेसलिंग आहे, तू फक्त बसून राहायचं.” मी हाडांचा सर्जन. मला वाटलं, कुस्ती. तुला आठवत असेल, मामा मला सांगलीला मैदानावर न्यायचे. पाठ टेकली की संपलं, दोघे पैलवान एकमेकांना मिठी मारणार, फेटे उडणार, सगळे घरी. त्या हिशेबानं मी सूट घालून गेलो. बिल्ल्यावर माझं अख्खं नाव मावेना, म्हणून त्यांनी नुसतं ‘डॉ. मोर’ लिहिलं.

शैल, तिथं सगळं आधी ठरलेलं असतं. कोण पडणार, कोण उठणार, कोण जिंकणार. हे सगळ्या अमेरिकेला ठाऊक होतं. मला कुणी सांगितलं नाही, कारण मला ठाऊक नसेल असं कुणाला वाटलंच नाही.

शेवटची लढत. एकीकडे सायक्लोन सायरस, सहा फूट पाच इंच, धुरातून आला. दुसरीकडे डोक्यावर मुकुट घातलेला लॉर्ड पर्सिव्हल, इंग्लंडचा उमराव. (तो टेनेसीचा निघाला.) लॉर्डनं लोखंडी घडीची खुर्ची उचलली आणि सायरसच्या डोक्यात घातली. रक्ताची धार लागली. माणूस आडवा. डावा पाय थरथरत होता. पंच दुसरीकडे तोंड करून कुणाशी तरी वाद घालत होता. वीस हजार माणसं होती तिथं, एकही उठलं नाही. मी उठलो.

दोरांमधून आत शिरलो, त्याच्या शेजारी गुडघे टेकले. छातीवर बसलो नव्हतो. तो दात-ओठ खात पुटपुटला, “निघ इथून, डॉक. मला काही झालेलं नाही.” डोक्याला मार लागलेला प्रत्येक पेशंट हेच म्हणतो. मी नेहमीचे प्रश्न विचारले. नाव काय? तो ओरडला, “सायक्लोन सायरस!” माझ्याकडच्या फॉर्मवर तर डेल प्रुइट लिहिलेलं. तू आत्ता कुठं आहेस? “नरकाच्या दारात!” हे कुठलं साल? “सूडाचं साल!”

तीनपैकी तीन चूक. याहून स्पष्ट केस मी आयुष्यात पाहिली नव्हती. मी उभा राहिलो, दोन्ही हात हलवले आणि ओरडलो, “नो मोर! नो मोर!” कुणाचा तरी मायक्रोफोन जवळ होता. ते देशभर ऐकू गेलं. निवेदकानं बिल्ला वाचला आणि तिथल्या तिथं माझं बारसं केलं. डॉक्टर नो-मोर.

आता थेट प्रक्षेपणात डॉक्टरनं थांबवल्यावर पंच काय करणार? घंटा वाजली. अजिंक्यपदाचा पट्टा लॉर्डला मिळाला. लॉर्डचं तोंड माझ्याहून पांढरं पडलं होतं. पडद्यामागे रॉनी नावाचा एक बुटका माणूस आपली टोपी पायदळी तुडवत होता. कोण जिंकणार हे तो लिहायचा. मला म्हणाला, “आज सायरस जिंकणार होता. चौदा वर्षांनी. पहिल्यांदाच.”

डेल बाकावर बसून टॉवेलनं कपाळ पुसत होता. कपाळावर नखाएवढी चीर, ठरल्याप्रमाणे त्यानंच ब्लेडनं पाडलेली. त्यानं माझ्याकडे पाहिलं आणि पाठ फिरवली. वर्षाच्या आत ती कंपनी बुडाली. त्याला पुन्हा पट्टा मिळाला नाही.

मी पस्तीस वर्षं ऑपरेशनं केली. कधी कुणाचा चुकीचा पाय उघडला नाही. आणि हे.

दादा

*

पिस्कॅटवे
२० एप्रिल २००४

प्रिय दादा,

आधी खरं सांगते. ‘सूडाचं साल’पर्यंत आले आणि इतकी हसले की अंतरा पाणी घेऊन धावत आली. सिद्धेशनं ते फ्रिजवर लिहून ठेवलंय. तो म्हणतो, मामा लेजंड आहेत यार, इंटरनेटवर तुझ्या नावाची चर्चा चालते. निम्मे म्हणतात तू उत्तम नट होतास, निम्मे म्हणतात तुला लॉर्डनं फितवलं होतं. तू खराखुरा डॉक्टर होतास असं म्हणणारा एकही नाही.

हसून झाल्यावर मात्र मी पत्र पुन्हा वाचलं. एक माणूस पडला आणि तू उठलास. यात बारा वर्षं तोंड लपवण्यासारखं काय आहे? मेक्सिकन म्हणे!

एकच विचारते. हेडमास्तरीण होते, सवय जात नाही. त्या डेलला तू कधी भेटलास का? सॉरी म्हणालास का? नसशील तर आधी ते कर.

शैल

*

कॅरी
३० जुलै २००४

चि. शैल,

उत्तराला उशीर झाला. कारण तुझं ऐकलं.

नीलाच्या टल्साच्या मित्राकडून डेलचा पत्ता मिळाला. तो इथून तासाभरावर, रॉकी माउंटला असतो. टायरच्या दुकानात काउंटरवर बसतो. मी दोन पानी माफी लिहिली. त्यानं पत्राचं उत्तर दिलं नाही, गेल्या शनिवारी स्वतःच आला. बायकोला, डॉनाला, घेऊन. आमच्या दारात मावेना. आता अठ्ठावन्न वर्षांचा आहे, केस पिकलेत, पण मान अजून खांबासारखी. नीलानं पोहे केले. त्यानं तीनदा घेतले.

माफीचं निघताच त्यानं हात झटकला. म्हणाला, “डॉक, ते सोड. मला तुझ्याकडून एक गोष्ट हवी आहे.” रॉनी सोळा ऑक्टोबरला जुन्या लोकांचं ‘हॅमरफेस्ट’ पुन्हा भरवतोय. टीव्ही वगैरे काही नाही, गावातल्या शाळेचं जिम. सायरस विरुद्ध लॉर्ड पर्सिव्हल, आणि या वेळी सायरस जिंकणार. “तू त्याच खुर्चीवर बस. आणि प्लीज, उठू नकोस.”

मी लगेच हो म्हणणार होतो. पण शैल, मी त्याला पोहे खाताना बघत होतो. डाव्या हातातला चमचा दोनदा पडला. उठताना त्यानं पाय रुंद टाकले, बोटीवर उभा असल्यासारखे. मी म्हटलं, डेल, जरा बस. बॅगेतून रबरी हातोडी काढली आणि गुडघ्याखाली हलकेच मारली. त्याचा पाय असा उडाला की आमचा टीपॉय उलटला आणि नीलाचे दोन कप गेले.

मानेत मज्जारज्जूवर दाब आला आहे. एमआरआय न काढता सांगतो. या अवस्थेत कुणी त्याला उचलून आपटलं, तर मानेखालचं सगळं जाईल. मी त्याला हे स्पष्टच सांगितलं. म्हटलं, तू उतरायचं नाही. अजिबात नाही.

तो हसायला लागला. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. “बारा वर्षं झाली, डॉक! आणि तू अजून भूमिका सोडत नाहीस! डॉना, बघ, याला म्हणतात प्रोफेशनल!” मी त्याला भिंतीवरची डिग्री दाखवली. तो म्हणाला, “वा, प्रॉप्ससुद्धा!”

डॉना हसली नाही. निघताना दारात माझा हात धरून म्हणाली, “महिन्यात दोनदा बाथटबमध्ये पडलाय. दुसऱ्या कुठल्या डॉक्टरकडे जातच नाही. म्हणतो, डॉक्टर लोक मॅच थांबवतात.”

काय करू? मला सुचत नाही.

दादा

*

पिस्कॅटवे
९ ऑगस्ट २००४

प्रिय दादा,

तीन दिवस विचार केला.

त्या माणसाला तू डॉक्टर वाटतच नाहीस, नाटकातला वाटतोस. मग डॉक्टर म्हणून डोकं आपटून काय उपयोग? त्याला जे कळवायचं ते नाटकातूनच कळव. काय घडणार ते तो रॉनी लिहितो ना? मग रॉनीला जाऊन भेट. पैलवानाला समजवता येत नसेल, तर लेखकाला समजव.

आणि वहिनींचे कप कसले होते? बोन चायना असेल तर मी इथून पाठवते.

शैल

*

कॅरी
२ सप्टेंबर २००४

चि. शैल,

तुझी युक्ती लागू पडली. फारच लागू पडली. आता ऐक आणि रागावू नकोस.

रॉनी हल्ली गालिचे विकतो. दुकानाच्या मागच्या बाजूला, गालिच्यांच्या गुंडाळ्यांवर बसून मी त्याला सगळं सांगितलं. त्यानं लगेच विश्वास ठेवला. पांढराफटक पडला. म्हणाला, कार्यक्रमच रद्द करतो. पण दोन मिनिटांनी स्वतःच म्हणाला, “नाही. मी रद्द केलं तर डेल व्हर्जिनियात जाईल. तिथला माणूस त्याला पंचविशीतल्या पोरासमोर उतरवेल.”

म्हणजे लढत तर व्हायला हवी, डेल जिंकायला हवा, आणि त्याला कुणी बोटसुद्धा लावता कामा नये. लॉर्ड पर्सिव्हल एकसष्ट वर्षांचा आहे, पण अंगात आलं की उचलतोच म्हणे. मग डेलला उचलणं ज्याला शक्यच नाही असा प्रतिस्पर्धी कोण?

रॉनीनं माझ्याकडे पाहिलं. मी मागे वळून पाहिलं. मागे गालिचा होता.

तर सोळा ऑक्टोबरला सायक्लोन सायरस विरुद्ध डॉक्टर नो-मोर. पोस्टर छापून झालंय. माझं वय त्यांनी ‘अज्ञात’ लिहिलंय.

डेलला कळलं तेव्हा त्यानं मला फोनवरून इतक्या मोठ्यानं आनंद कळवला की मला यंत्राशिवाय ऐकू आलं. आता मुख्य गोष्ट. रॉनीनं एक अट घातली आहे: जो जिंकेल, त्यानं हरलेल्याची एक मागणी पुरी करायची. सोमवारी एमआरआय, ही माझी मागणी. डेलनं कागदावर सही केली. डॉक्टरचा शब्द तो उडवून लावतो, पण लढतीची अट मोडणं त्याच्या दृष्टीनं पाप आहे. मला म्हणाला, “करार म्हणजे करार, डॉक. मी काय लॉर्ड आहे का?”

मी पडण्याचा सराव करतोय. गेस्ट रूममधल्या गादीवर. नीला ‘एक, दोन, तीन’ मोजते. काल दोनवर फोन वाजला, ती बोलत बसली. मी वीस मिनिटं तसाच पडून होतो.

दादा

*

पिस्कॅटवे
१० सप्टेंबर २००४

दादा,

तुझं वय अज्ञात नाही. एकाहत्तर आहे. तुझी हाडं तू स्वतः तपासलीस का?

अजिबात परवानगी नाही. मी येते आहे. अंतरा आणि सिद्धेश ड्राइव्ह करतील.

शैल

*

पिस्कॅटवे
२१ ऑक्टोबर २००४

प्रिय दादा,

सुखरूप पोचलो. तू बराच वेळ आडवा होतास, त्यामुळे तुला सगळं दिसलं नसेल. शिवाय तुझ्या घरी मी त्या विषयावर बोलू शकले नाही. म्हणून लिहिते.

मी कॅरीला आले तेव्हा तुला थांबवायचंच असं ठरवून आले होते. शनिवारी सकाळी वहिनी तुझ्या कॉफी सूटला इस्त्री करत होत्या आणि तू आरशासमोर उभा राहून, दुष्ट दिसण्याचा सराव करत होतास. बारा वर्षांत तुला इतकं ताठ उभं राहिलेलं मी पाहिलं नव्हतं. मग गप्प बसले.

जिममध्ये तीनेकशे लोक असतील. तू आत आलास आणि सगळे “नो मोर! नो मोर!” ओरडायला लागले. शेजारची एक आजीबाई तर उभी राहून तुला अंगठा खाली करून दाखवत होती. सिद्धेश आनंदानं रडत होता. अंतरानं तोंड ओढणीत लपवलं होतं. मी स्वतःला बजावत होते, शैलजा, हे सगळं लिहिलेलं आहे. आधीपासून ठरलेलं आहे. रॉनीनं मला कागद दाखवला होता.

डेलनं तुझ्या छातीला एक बोट लावलं आणि तू पडलास. छान पडलास. पंचानं तीन मोजले. संपलं. मी सुटकेचा श्वास सोडला. तेवढ्यात तो मुकुटवाला आला. तेही कागदावर होतं, मी वाचलं होतं, लॉर्ड येऊन पाय उगारेल म्हणून. पण दादा, कागदावर वाचणं वेगळं. तू पाठीवर पडला होतास, डोळे मिटलेले, टाय कानाशी गेलेला, आणि त्या माणसाचा तो बूट तुझ्या छातीवर उगारलेला.

पुढचं मला नीट आठवत नाही. मी ज्या घडीच्या खुर्चीवर बसले होते ती माझ्या हातात होती. दोरातून मी कशी शिरले माहीत नाही, गुडघा तर मला मांडी घालू देत नाही. मी ती त्याच्या पाठीत घातली. मुकुट घरंगळत त्या आजीबाईंपर्यंत गेला. अख्खं जिम उभं राहिलं. इतक्या टाळ्या मला रिटायर होतानासुद्धा मिळाल्या नव्हत्या.

लॉर्ड खाली बसला, पाठ चोळत हळूच मला म्हणाला, “मॅडम, ही खरी होती.”

मी म्हटलं, “सॉरी. माझा भाऊ आहे तो.”

तो म्हणाला, “मला बहीण नाही,” आणि लोकांसाठी मोठ्यानं विव्हळत पळून गेला. फार सभ्य माणूस. त्याचा पत्ता रॉनीकडून घेतलाय, चिवडा पाठवणार आहे.

मला तुझी मात्र क्षमा मागायची आहे. एप्रिलमध्ये मी तुला हसले. सगळं ठाऊक असून, कागद वाचून, मी खुर्ची उचलली. तुला तर कुणी काही सांगितलंच नव्हतं.

आणि एक. रॉनीनं डेलला पट्टा दिला तेव्हा त्याला तो दोन्ही हातांनी वर धरायचा होता. उजवा गेला, डावा खांद्याच्या वर जाईना. लोकांना वाटलं, तो भावनेनं थांबलाय. मग तू उठलास, हरलेला, सूट मळलेला, आणि त्याचा डावा हात कोपराखाली धरून वर नेलास. हळूहळू, पेशंटचा नेतात तसा. लोक म्हणाले, काय खिलाडू वृत्ती! डॉना माझ्या शेजारी होती. ती माझा पदर पकडून उभी राहिली.

सोमवारी तो आला का? लगेच कळव.

शैल

*

कॅरी
२३ जानेवारी २००५

चि. शैल, अनेक आशीर्वाद.

एमआरआयचं फोनवर सांगितलंच होतं, पण तू ‘काय?’ ‘काय?’ करत होतीस. आता आपल्या दोघांनाही यंत्र लागणार असं दिसतंय. म्हणून सविस्तर लिहितो.

डेल सोमवारी सकाळी सातला हजर होता, एमआरआयचा विभाग उघडायच्या आधी. पट्टा खांद्यावर. मशीनमध्ये धातू चालत नाही म्हणून तो डॉनाकडे द्यावा लागला. नंतर डॉक्टरनं पडद्यावर चित्र लावलं. मानेच्या दोन मणक्यांमध्ये रज्जू दोऱ्यासारखा चिरडलेला. डेल पडद्याजवळ गेला. मग मला विचारलं, “हे कुणी लिहिलं?”

मी म्हटलं, “कुणीच नाही, डेल.”

तो खुर्चीवर बसला. मी पाहिलेल्या सगळ्या मारामाऱ्यांत त्याला खरोखर लागलेला तो पहिला मार.

नोव्हेंबरात ऑपरेशन झालं. मी रिटायर्ड, तेव्हा नुसता बाहेर बसलो. (उठलो नाही.) सर्जन म्हणाला, आणखी काही महिने गेले असते तर व्हीलचेअर होती. आता चालणं सुधारलंय. बोटांना वेळ लागेल, पूर्ण ताकद कदाचित येणार नाही. रबरी चेंडू दाबायला सांगितला होता, त्याचा त्याला दोन दिवसांत कंटाळा आला. मग नीलानं त्याच्यापुढे परात ठेवली. आठवड्यातून दोनदा तो येतो आणि कणीक मळतो. इथल्या महाराष्ट्र मंडळाच्या संक्रांतीच्या गुळाच्या पोळ्यांची सगळी कणीक त्यानं मळली. मंडळातल्या संध्या आणि रेणू स्वयंपाकघरात आल्या आणि किंचाळल्या, कारण त्यांना कुणी सांगितलं नव्हतं. त्यानं एप्रन सावरून, वाकून नमस्कार केला. आता मंडळात त्याला ‘डेलकाका’ म्हणतात.

काल तो एकटाच आला होता. नीला बाहेर गेली होती. मी वर्तमानपत्र वाचत होतो, तो परातीशी. मान वर न करता म्हणाला, “डॉक, ब्याण्णवला मला काहीही झालं नव्हतं. साधा ओरखडा.”

मी म्हटलं, “ठाऊक आहे. बारा वर्षं ठाऊक आहे.”

“नाही, ऐक. तोवर चौदा वर्षं मी रिंगमध्ये पडत होतो. लोक ओरडायचे, आणखी मार. तू कानाशी आलास आणि सगळ्यात आधी काय विचारलंस, आठवतं? कुठं दुखतंय, म्हणालास. आजवर कुणी विचारलं नव्हतं. मला इतका राग आला होता की मी तुला शिवी दिली.”

मला हे आठवत नव्हतं, शैल. प्रत्येक पेशंटला आपण विचारतोच ते, लक्षात कोण ठेवतो?

त्यानं कणकेचा गोळा उलटा केला. मग म्हणाला, “पाठ. कमरेच्या जरा वर, डावीकडे. ऐंशीच्या साली मेम्फिसमध्ये दुखावली होती. अजून दुखते.”

मी पेपर खाली ठेवला. त्याला हात धुवायला लावले, दिवाणावर पालथं झोपवलं, आणि पाठ तपासली.

तुझा,
दादा